चित्रपटातील सुतार, शिंपी आणि रंगारी

बीडहून सोलापूरच्या वाटेला लागले आणि मांजरसुंबा ओलांडला, की पुढे चौसाळा हे गाव लागते. समजा, उद्या एखाद्या दिग्दर्शकाने १९४५ सालच्या चौसाळ्यातली एक कथा पडद्यावर आणण्याचे मनात घेतले. कथा लिहून झाली, नट ठरले, पैशाची तजवीज झाली. तरीही चित्रीकरणास हात घालण्यापूर्वी काही वरवर साधे वाटणारे प्रश्न पुढे येऊन उभे राहतात, आणि त्यांचा निकाल लागल्यावाचून कॅमेऱ्याला जागचे हलता येत नाही. वाण्याच्या गल्ल्यात कोणते नाणे असेल? हा मुलूख त्या काळी निजामाच्या हैदराबाद संस्थानात मोडत होता, तेव्हा ते हाली शिक्क्याचेच असले पाहिजे. ब्रिटिश हद्दीतला कलदार रुपया तेथे दिसलाच, तर तो परमुलखातून कसा आला याचा उलगडा कथेतून व्हावयास हवा. सरकारी कचेरीच्या दारावरची पाटी कोणत्या लिपीत? संस्थानच्या दप्तराची भाषा उर्दू होती, म्हणून ती उर्दू लिपीत. लांबच्या प्रवासास निघालेल्या गाडीवानाजवळ पाणी कशात? बीडच्या चामडी छागला एके काळी दूरवर नावाजलेल्या होत्या, इंग्रजी अमदानीतल्या गॅझेटियरनेही त्यांची दखल घेतली आहे. मग त्या गाडीला प्लास्टिकची बाटली तर नव्हेच, पण बाजारात आज सहज मिळते ती चकचकीत पितळी सुरईही चालणार नाही, छागलच लटकली पाहिजे. आणि ती छागल नवी कोरी दिसून कशी चालेल? चार उन्हाळे वापरात असल्याचे तिच्या कातड्यावर दिसले पाहिजे.

या प्रश्नांची उत्तरे शोधणे, सापडलेल्या उत्तरांना लाकूड, माती, कापड आणि रंग यांचे शरीर देणे, आणि ते शरीर कॅमेऱ्यापुढे जिवंत भासेल अशी व्यवस्था करणे, हे चित्रपटाच्या कला विभागाचे आणि वेशभूषा विभागाचे काम होय. नटांच्या कीर्तीच्या झोतात या दोन विभागांतील माणसे सहसा येत नाहीत, आणि म्हणूनच आपल्या मुलामुलींना पोटापाण्याचा मार्ग सुचवताना आईवडिलांच्या व शिक्षकांच्या तोंडी या व्यवसायांचे नाव क्वचितच येते. माझे मत असे आहे, की हा व्यवसाय मुंबई-पुण्याच्या मुलांइतकाच, किंबहुना काही बाबतींत त्यांच्याहूनही अधिक, चौसाळ्यासारख्या गावात वाढलेल्या मुलांचा आहे. कारण त्याचे मूळ भांडवल वस्तूंच्या खऱ्या ओळखीत आहे, आणि ती ओळख गावाकडच्या मुलाजवळ आयती असते.

प्रथम या दोन विभागांचे काम चालते कसे, ते पाहू. पटकथा हाती पडली, की कलादिग्दर्शक तिचे प्रसंगवार पृथक्करण करतो. कोणता प्रसंग कोठे घडतो, दिवसा की रात्री, त्या जागेत काय काय असले पाहिजे, पात्राच्या हाताला काय लागते, याची फेरिस्त तयार होते. अंगण, माजघर, कचेरी हे स्थळ झाले. त्यातील पलंग, फडताळ, तसबिरी ही सजावट झाली. आणि पात्र जे हातात घेते ते पत्र, तो अडकित्ता, ती छडी यांना या व्यवसायात प्रॉपर्टी म्हणतात. नंतर दिग्दर्शक, छायालेखक आणि कलादिग्दर्शक मिळून जागांची पाहणी करतात. त्या पाहणीस सगळे रेकी म्हणतात. मनाजोगती जागा मिळाली तर तिच्यात फेरफार करून काम भागते. न मिळाली, तर ती उभारावी लागते.

उभारणीला आरंभ कागदावर होतो. आधी रेखाचित्र, मग मोजमापाचा आराखडा, पुष्कळदा पुठ्ठ्याची छोटी प्रतिकृती, आणि त्यानंतर सुतारांचा ताफा कामास लागतो. चित्रपटातला वाडा राहण्यासाठी बांधलेला नसतो, पाहण्यासाठी बांधलेला असतो, या एका गोष्टीतून त्याच्या रचनेचे सर्व नियम निघतात. त्याला बहुधा छत नसते, कारण वरून दिवे सोडावयाचे असतात. त्याची एखादी भिंत अशी जोडलेली असते, की कॅमेऱ्याला मागे सरकण्यास जागा हवी झाली तर ती क्षणात काढून घेता यावी. लाकडी चौकटीवर प्लायवूड, त्यावर गोणपाट व प्लास्टर, त्यावर रंगाचे हात, असे करीत करीत चार दिवसांपूर्वीचे प्लायवूड दोनशे वर्षांच्या चिरेबंदीचे रूप धारण करते. यात सर्वांत अवघड काम असते ते जुनेपण आणण्याचे. दिव्याच्या कोनाड्यावर काजळी नेमकी कोणत्या बाजूस धरते, पावसाच्या पाण्याचे ओघळ भिंतीवर कोठून उतरतात, उंबऱ्याचे लाकूड कोठे झिजते आणि दाराची कडी रोज ज्या ठिकाणी आपटते तेथे किती खोल खळगा पडतो, हे ज्याने डोळे उघडे ठेवून पाहिले आहे, त्याच रंगाऱ्याच्या हातून ती भिंत खरी ठरते.

वेशभूषेचे तंत्रही असेच सूक्ष्म आहे. पात्राचे वय, त्याची सांपत्तिक स्थिती, त्याचा धंदा, ऋतू, प्रसंग आणि मनःस्थिती या सर्वांचा हिशेब कापडात मांडावा लागतो. नायकाचा सदरा भिंतीच्या रंगात विरून जाऊ नये, म्हणून वेशभूषाकाराला कलादिग्दर्शकाशी आणि छायालेखकाशी सतत विचारविनिमय करावा लागतो. पांढरेशुभ्र कापड दिव्यांखाली डोळ्यांवर येते, म्हणून ते चहाच्या पाण्यात बुडवून किंचित मंद करून घेण्याची रीत कित्येक वर्षे चालत आली आहे. नवे कापड पुनःपुन्हा धुवून, घासून, मातीत मळवून, कोपरा-गुडघ्यांवर विरवून जुने केले जाते. चित्रीकरण सहसा कथेच्या क्रमाने होत नाही. दाराबाहेरचा प्रसंग आज आणि दाराआतला महिन्याने, असे होते, पण पडद्यावर पात्र एकाच पावलात उंबरा ओलांडते. त्या महिन्याच्या अंतराने सदऱ्याचे वरचे बटण उघडे होते की लावलेले, पदर कोणत्या खांद्यावर होता, हाताची पट्टी उजवीकडे होती की डावीकडे, यांची नोंद छायाचित्रांसह ठेवावी लागते. या नोंदीला कंटिन्युइटी म्हणतात. शिवाय ज्या प्रसंगात पाऊस, चिखल किंवा रक्त आहे, त्यासाठी त्याच वस्त्राचे अनेक जोड हुबेहूब तयार ठेवावे लागतात. ही कपड्यांची कोठी सांभाळणाऱ्या आणि भल्या पहाटे इस्त्री घेऊन उभ्या राहणाऱ्या माणसाला सेटवर सर्वजण ड्रेसदादा म्हणतात. आणि तो चुकला, तर मोठमोठ्या नटांचे काम अडून राहते.

आता या विद्येचा आपल्याकडील उगम पाहू. कारण तो पाहिल्यावर माझ्या म्हणण्याला आधार काय, हे स्पष्ट होईल. भारतीय चित्रपटाचे जनक दादासाहेब फाळके यांनी मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण घेतले होते, आणि १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आला तेव्हा आपल्या चित्रपटाच्या बहुतेक सर्व खात्यांचा भार त्यांच्याच शिरावर होता. परंतु कलादिग्दर्शनाला स्वतंत्र विद्येचे रूप आले ते कोल्हापुरात, आणि ते आणणारे बाबूराव कृष्णराव मेस्त्री, ज्यांना अवघा महाराष्ट्र बाबूराव पेंटर या नावाने ओळखतो, हे कोणत्याही कलाशाळेत गेलेले नव्हते. १८९० साली जन्मलेल्या या पुरुषाने चित्रकला, शिल्प आणि यंत्रकाम ही घरच्या कारागिरीच्या वातावरणात आत्मसात केली. चुलतभाऊ आनंदराव यांच्यासह त्यांनी संगीत नाटकमंडळ्यांसाठी पडदे रंगवले, आणि आनंदरावांच्या अकाली मृत्यूनंतरही खटपट न सोडता आपल्या हातांनी कॅमेरा तयार केला. महाराष्ट्र फिल्म कंपनी त्यांनी तानीबाई कागलकर यांच्या आर्थिक साहाय्याने उभी केली, आणि १९२० साली तिचा ‘सैरंध्री’ प्रकाशित झाला.

रंगवलेल्या पडद्यापुढे नट उभे करण्याची नाटकी रीत बाबूरावांनी मोडली. त्यांनी खोली असलेली, माणसे जिच्यात वावरू शकतील अशी भरीव स्थळे उभारली. पोशाख, दागिने आणि पात्रांच्या हालचाली यांची चित्रे आधी रेखाटून ठेवण्याचा प्रघात पाडला. १९२५ सालच्या ‘सावकारी पाश’ या त्यांच्या चित्रपटात कर्जापायी जमीन गमावणाऱ्या शेतकऱ्याची कथा आहे. पौराणिक महालांची सवय झालेल्या प्रेक्षकांपुढे त्यांनी त्यात शेतकऱ्याचे दरिद्री घर त्याच्या खऱ्या दारिद्र्यासह मांडले, आणि ज्याने महाल रंगवले त्यानेच झोपडीलाही तितकीच प्रतिष्ठा दिली, ही गोष्ट मला त्यांच्या कर्तृत्वात सर्वांत थोर वाटते.

त्यांच्या हाताखाली जे तयार झाले, त्यांत विष्णुपंत दामले, साहेबमामा फत्तेलाल आणि व्ही. शांताराम हे होते. १९२९ साली या तिघांनी धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली आणि १९३३ मध्ये ती पुण्यास नेली. प्रभातच्या चित्रपटांचे दृश्यवैभव ज्यांच्या कुंचल्यातून उतरले ते फत्तेलाल हेही मिस्त्री घराण्यातलेच. दामले-फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ १९३६ साली आला आणि पुढल्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा सन्मान झाला. त्यातील तुकोबांचे घर, त्यातली भांडी, आवलीचे लुगडे, देवळासमोरचे अंगण यांत कोठेही श्रीमंतीचा आव नाही. देहू गावाचे साधेपण ज्यांना आतून ठाऊक होते, अशा माणसांनी ते उभारले होते. पुढे त्याच प्रभातच्या आवारात १९६० साली भारतीय चित्रपट संस्था सुरू झाली, आणि आज तेथे कलादिग्दर्शनाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम शिकवला जातो.

कोल्हापूरच्या याच परंपरेतून वेशभूषेच्या क्षेत्रातील भारताचे सर्वांत मोठे नाव पुढे आले. भानुमती राजोपाध्ये, म्हणजेच पुढच्या भानू अथैय्या, यांचा जन्म १९२९ साली कोल्हापुरात झाला. वडील अण्णासाहेब हे चित्रकार होते आणि बाबूराव पेंटरांच्या चित्रपटांसाठी त्यांनी काम केले होते; मुलगी लहान असतानाच ते वारले, पण चित्रकलेची ओढ तिच्या ठिकाणी रुजवून गेले. मुंबईस येऊन तिने जे. जे. कलाशाळेत सुवर्णपदक मिळवले. समकालीन नव्या चित्रकारांच्या बरोबरीने तिची चित्रे प्रदर्शनात लागली. परंतु उपजीविकेसाठी स्त्रियांच्या नियतकालिकांत पोशाखांची रेखाटने करता करता ती चित्रपटाकडे वळली. गुरु दत्त यांच्या संस्थेचा ‘सी.आय.डी.’ (१९५६) हा तिच्या आरंभीच्या चित्रपटांपैकी एक. त्यानंतर ‘प्यासा’, ‘कागज के फूल’, ‘साहिब बीबी और गुलाम’, ‘गाइड’ अशी मालिका चालू झाली ती शंभराहून अधिक चित्रपटांपर्यंत गेली.

त्यांच्या कार्यपद्धतीचे एक उदाहरण मराठवाड्याच्या वाचकाने मुद्दाम ध्यानात ठेवावे असे आहे. ‘आम्रपाली’ (१९६६) या प्राचीन वैशालीच्या कथेसाठी पोशाख ठरवताना भानूताई अजिंठ्यास गेल्या आणि लेण्यांतील भित्तिचित्रांतली वस्त्रे, नेसण्याच्या तऱ्हा, अलंकार व केशरचना यांचा अभ्यास करून त्यांनी वैजयंतीमालांचा वेश सिद्ध केला. त्या वेशाचे अनुकरण हिंदी चित्रपटांत आणि नृत्यांच्या रंगमंचावर वर्षानुवर्षे होत आले. ज्या लेण्यांना आमच्या शाळांच्या सहली वर्षानुवर्षे जातात, त्या लेण्यांत एका चित्रकर्तीला अभ्यासाची अख्खी पोथी सापडली.

१९८२ साली रिचर्ड ॲटनबरो यांचा ‘गांधी’ प्रकाशित झाला. दक्षिण आफ्रिकेत सूटबुटात वावरणाऱ्या तरुण बॅरिस्टरापासून पंचा नेसणाऱ्या महात्म्यापर्यंतचे अर्धशतक त्या चित्रपटात वस्त्रांतूनच उलगडते, आणि भोवती संस्थानिक, वकील, शेतकरी, शिपाई, स्त्रिया व मुले यांचा जो अफाट समाज वावरतो, त्यातील प्रत्येकास आपापल्या प्रांताचा व दर्जाचा वेश देण्याची जबाबदारी भानू अथैय्या यांच्यावर होती. अंत्ययात्रेच्या प्रसंगात तीन लाखांवर माणसे जमली होती. १९८३ साली जॉन मोलो यांच्यासमवेत त्यांना वेशभूषेचे ऑस्कर मिळाले. हा सन्मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. पुढे ‘लेकिन’ आणि ‘लगान’ या चित्रपटांसाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारही लाभले. २०१२ साली त्यांनी ते ऑस्कर जतनासाठी अमेरिकेतील अकादमीकडे परत सोपवले, आणि २०२० मध्ये त्यांचे निधन झाले. एका कारागिराच्या मनाचा नेटकेपणा त्या परत पाठवण्यातही दिसतो: आपल्या मागे त्या वस्तूची आबाळ होऊ नये, एवढीच त्यांची चिंता होती.

‘लगान’ (२००१) या चित्रपटात तर कला आणि वेशभूषा हे दोन्ही विभाग महाराष्ट्राच्या हाती होते. दापोलीत जन्मलेले नितीन चंद्रकांत देसाई यांनी १९८७ साली ‘तमस’ या मालिकेच्या वेळी नितीश रॉय यांच्या हाताखाली उमेदवारी केली होती. त्यांनी भूजजवळच्या कुनरिया गावानजीक १८९३ सालचे चंपानेर हे काल्पनिक खेडे उभे केले. गोल मातीची घरे, देऊळ, गुरांचे गोठे हे सर्व कच्छच्या रूक्ष भूमीतून उगवल्यासारखे दिसते, आणि त्या घरांतून बाहेर पडणारे खेडूत व छावणीतले गोरे अधिकारी यांच्यातील सारे अंतर भानूताईंनी कापडात मांडले आहे. दोघांनाही त्या चित्रपटासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. देसाई यांना ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’, ‘हम दिल दे चुके सनम’ आणि ‘देवदास’ यांसाठीही तो सन्मान लाभला होता; कर्जतजवळ त्यांनी २००५ साली स्वतःचा स्टुडिओ उभारला, आणि २०२३ साली त्याच ठिकाणी त्यांचा दुःखद अंत झाला.

ही नामवंतांची कथा झाली; परंतु एका कलादिग्दर्शकामागे साहाय्यक, आरेखक, सुतार, रंगारी, मूर्तिकार, पाट्या रंगवणारे, प्रॉपर्टी जमवणारे असे कित्येक हात राबत असतात, आणि उमेदवाराचा प्रवेश बहुधा या पायऱ्यांवरूनच होतो. चौसाळ्यातील एखाद्या मुलीला किंवा मुलाला या वाटेने जावयाचे असेल, तर पहिले पाऊल शाळेतच टाकता येते. कला संचालनालयाच्या एलिमेंटरी व इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षांकडे पुष्कळ घरांत केवळ दहावीच्या वाढीव गुणांचे साधन म्हणून पाहिले जाते. वस्तुतः स्थिरचित्र, संकल्प, अक्षरलेखन यांचा तेथे होणारा सराव हाच या व्यवसायाचा पाया होय. त्यापुढे छत्रपती संभाजीनगरातील शासकीय कलाशिक्षण किंवा तेथील विद्यापीठाचा नाट्यविभाग, मुंबईचे जे. जे., वस्त्रांची आवड असल्यास राष्ट्रीय फॅशन तंत्रज्ञान संस्था, आणि पदवीनंतर पुण्याची चित्रपट संस्था, असे मार्ग खुले आहेत. ज्याला इतके शिक्षण परवडत नाही, त्याने निराश होण्याचे कारण नाही. चांगला सुतार, चांगला शिंपी, चांगला पेंटर यांना कला विभागात मान आहे, आणि गावच्या गणेशोत्सवातील देखावे, शाळेची नाटके, जत्रेतील तमाशाचे पडदे ही त्यांची पहिली प्रयोगशाळा ठरू शकते.

या वाटेवरील काटेही सांगितले पाहिजेत. काम कंत्राटी असते. एक चित्रपट संपला की दुसरा मिळेपर्यंत मिळकत थांबते. आरंभीच्या वर्षांत मोबदला तुटपुंजा, दिवस बारा-बारा तासांचा, आणि चित्रीकरणाच्या आदल्या रात्री तर पाठ टेकण्याचीही फुरसद नसते. पैसे वेळेवर हाती येतीलच असा भरवसा नसतो, म्हणून कराराचा कागद मागून घेणे आणि आपल्या शाखेच्या संघटनेचे सभासद होणे ही सावधगिरी पहिल्या दिवसापासून बाळगावी. आणि महिनाभर खपून उभारलेला वाडा चित्रीकरण संपताच दोन दिवसांत मोडून टाकतात, हे डोळ्यांसमोर पाहण्याचीही मनाची तयारी लागते.

तरीही मी या व्यवसायाची शिफारस करतो, ती गावाकडे असलेल्या ज्ञानाकडे पाहून. बीड जिल्ह्यातून दर हंगामात ऊसतोडीसाठी हजारो कुटुंबे घर सोडतात. फडात उतरणाऱ्या बायका साडीवर पुरुषी सदरा चढवतात, कारण उसाचे पाते हात कापते. त्या सदऱ्याची बाही कोठे फाटते, कोयत्याची मूठ कशी काळवंडते, कारखान्याच्या आवारातली कोपी कशी बांधतात, तिच्यात चूल कोठे आणि बाळाची झोळी कोठे, हे ज्या मुलाने प्रत्यक्ष पाहिले आहे, त्याला ते कोणत्याही ग्रंथालयात शोधावे लागत नाही. उलट, ज्याने ते पाहिले नाही त्याने उभारलेली कोपी पडद्यावर खोटी दिसते, आणि तिच्याबरोबर तिच्यात राहणाऱ्या माणसाचे दुःखही खोटे वाटू लागते. म्हणून कला विभागाची अचूकता ही निव्वळ शोभेची बाब नसून ती त्या माणसांविषयीच्या आदराची बाब आहे.

हे ज्ञान आज झपाट्याने नाहीसे होत आहे, आणि त्याची नोंद करणारे हात गावातच तयार झाले पाहिजेत. शाळांनी एक खोली मोकळी करावी. तीत मोट, पाभर, छागल, जुन्या कचेरीतले कागद, आजीच्या पेटीतली खण-चोळी या वस्तू आणाव्यात, आणि प्रत्येकीखाली ती कोणाची, कशासाठी, केव्हापर्यंत वापरात होती, हे मुलांकडून लिहवून घ्यावे. चित्रकलेच्या तासाला मुलांनी त्याच वस्तू रेखाटाव्यात. यांतून प्रत्येक मूल कलादिग्दर्शक होणार नाही. पण ज्याच्या ठिकाणी ती प्रतिभा आहे, त्याला आपल्या भोवतालचे जग हेच आपले भांडवल आहे याची खूण वेळेवर पटेल, आणि आईवडिलांनाही कळेल, की मुलगा खिडकीचे गज तासभर न्याहाळत बसतो तेव्हा तो वेळ दवडीत नाही, अभ्यास करीत आहे.